चंद्रावरच्या विवरांना गणितज्ञांची नावं: युक्लिड एवढासा आणि क्लेव्हियस एवढा मोठा का?

आठवी_ब_गणित

नमस्कार मंडळी. मी एका तालुक्याच्या गावी आठवी-नववीला गणित शिकवते. २२ डिसेंबरला गणित दिन, आणि दरवर्षी आमच्याकडे तेच होतं, रामानुजन यांच्या फोटोला हार, १७२९ ची गोष्ट, दोन भाषणं आणि मुलं कधी सुटतोय म्हणून घड्याळाकडे बघत बसलेली. यंदा ठरवलंय की चंद्राचा मोठा नकाशा छापून हॉलच्या भिंतीवर लावायचा, ज्या ज्या विवरांना गणितज्ञांची नाहीतर शास्त्रज्ञांची नावं आहेत तिथे चिठ्ठ्या लावायच्या आणि एकेक चिठ्ठी एकेका मुलाकडे द्यायची, त्याने त्या माणसाबद्दल दोन-तीन मिनिटं बोलायचं. शाळेकडे चार इंची दुर्बीण आहे, कपाटात पडून असते, ती पण बाहेर काढायचीये.

पण नकाशा घेऊन बसले आणि डोकं चक्रावलं. ज्याची भूमिती आपण अजून शिकवतो त्या युक्लिडच्या नावाचं विवर जेमतेम ११-१२ किमीचं, गॅलिलिओचं १५ च्या आसपास, आणि क्लेव्हियस म्हणून कोणी आहेत त्यांचं चक्क २३० किमी! हे क्लेव्हियस कोण? दुसरं म्हणजे आपले भाभा, बोस, साहा सगळे पलीकडच्या बाजूला, जी पृथ्वीवरून दिसतच नाही. मुलं विचारणारच की आपल्याच लोकांना मागे का टाकलं. आणि ज्यांच्या नावाने हा दिवस त्या रामानुजन यांचं विवर मला यादीत कुठे दिसत नाहीये. कोणाला केवढं विवर द्यायचं हे कोण ठरवतं, माणसाचं काम बघून देतात का? कोणी नीट सांगितलं तर बरं होईल, मुलांना अर्धवट काही सांगायचं नाहीये.

तेरस_चांदणं

ताई, कल्पना फार आवडली. उत्तर असं की विवराचा आकार माणसाच्या कामाच्या हिशोबाने ठरत नाही, नाव कोणत्या काळात दिलं आणि तेव्हा नकाशावर कुठली जागा मोकळी होती यावर बहुतेक सगळं अवलंबून आहे. आता जरा सविस्तर लिहितो.

आज जी नावं आपण वापरतो त्यांची पद्धत पाडली बोलोन्याच्या जोव्हानी बत्तिस्ता रिच्चोली या जेझुइट पाद्र्याने. १६५१ साली त्याचा 'अल्माजेस्टम नोव्हम' हा जाडजूड ग्रंथ आला, त्यातला चंद्राचा नकाशा काढला होता त्याचा सहकारी ग्रिमाल्दीने (प्रकाशाच्या विवर्तनाचा अभ्यास करणारा तोच हा ग्रिमाल्दी). त्याआधीही प्रयत्न झालेले होते, लांग्रेनसने १६४५ मध्ये राजेरजवाड्यांची नावं वाटली, हेवेलियसने १६४७ मध्ये पृथ्वीवरच्या डोंगर-समुद्रांची नावं दिली, त्यातले आल्प्स आणि अपेनाइन्स टिकले, बाकी बहुतेक मागे पडलं. रिच्चोलीने चंद्राचे आठ भाग केले आणि साधारणपणे उत्तरेला प्राचीन माणसं आणि दक्षिणेकडे यावं तसे अलीकडचे असे लोक बसवत आला. म्हणून प्लेटो, आर्किमिडीज, एराटोस्थेनिस वर आहेत आणि टायको, क्लेव्हियस खाली.

यातली मला सगळ्यात भावलेली गोष्ट म्हणजे कोपर्निकस. रिच्चोली पृथ्वी स्थिर आहे असं मांडणाऱ्यांतला, शिवाय चर्चचा माणूस, आणि गॅलिलिओवरच्या खटल्याला तेव्हा जेमतेम अठरा वर्षं झालेली. तरी त्याने कोपर्निकसला ९३ किमीचं इतकं देखणं विवर दिलं की आजही दुर्बीण लावली की आधी तिकडे नजर जाते, आणि केप्लर, अॅरिस्टार्कस हे सूर्य मध्यभागी मानणारे लोक त्याच भागात, वादळांच्या महासागराच्या (चंद्रावरचं मोठं काळपट मैदान) परिसरात बसवले. मत पटत नसताना माणसाचं मोठेपण मान्य करायचं, आणि तेही छापून, याला मोठं मन लागतं. मुलांना हे जरूर सांगा.

गॅलिलिओचंही नाव त्याने त्याच भागात घातलं होतं, पण एका उजळ ठिपक्यावर. तो ठिपका म्हणजे विवर नाहीच, जमिनीवरचा नुसता फिका पट्टा आहे, आज त्याला राइनर गॅमा म्हणतात. मग एकोणिसाव्या शतकात नाव उचलून शेजारच्या लहान विवरावर नेलं, म्हणून गॅलिलिओ १५ किमीवर आला. त्याला कोणी मुद्दाम कमी लेखलं असं नाही.

आता क्लेव्हियस. क्रिस्टोफ क्लेव्हियस (१५३८-१६१२), जर्मन, रोमच्या जेझुइट कॉलेजात आयुष्यभर गणित शिकवलं. ताई, तुमच्या वर्गात भिंतीवर जे कॅलेंडर लटकतंय त्यामागचं गणित मांडणाऱ्यांत आणि त्याची बाजू लढवणाऱ्यांत हा मुख्य माणूस. १५८२ साली ४ ऑक्टोबरच्या दुसऱ्या दिवशी थेट १५ ऑक्टोबर आणला गेला, मधले दहा दिवस गाळले, शंभराने भाग जाणारं वर्ष ४०० नेही भागलं गेलं तरच लीप वर्ष हा नियम तेव्हापासूनचा. आठवीच्या मुलांना विभाज्यतेची कसोटी याच्यावरून शिकवता येईल बघा, १९०० लीप नाही, २००० लीप आहे, २१०० नसणार. दुसरं म्हणजे १५७४ मध्ये त्याने युक्लिडची भूमिती स्वतःच्या टीपांसकट छापली आणि ती युरोपभर शिकवली गेली, त्याचा शिष्य मात्तेओ रिच्ची चीनमध्ये गेला आणि त्याने श्यू ग्वांगछी या चिनी विद्वानाबरोबर युक्लिडची पहिली सहा पुस्तकं १६०७ मध्ये चिनी भाषेत आणली, ती क्लेव्हियसच्याच प्रतीवरून. म्हणजे नकाशावर युक्लिड छोटा आणि त्याला शिकवणारा मास्तर मोठा दिसतो, पण दोघांचं नातं असं आहे.

क्लेव्हियसला एवढं मोठं विवर मिळालं यात तो रिच्चोलीच्याच जेझुइट संघातला होता याचा भाग असणार असं मला वाटतं. रिच्चोली आणि ग्रिमाल्दीची स्वतःची नावंही पश्चिम कडेच्या दीडशे किमी आणि त्याहून मोठ्या विवरांवर आहेतच. पण विवर म्हणून क्लेव्हियस बघाच, पुण्याहून कोल्हापूर रस्त्याने जेवढं लांब तेवढी त्याची रुंदी, आणि आत लहान लहान विवरांची एक कमान आहे, मोठ्याकडून लहानाकडे उतरत गेलेली. शुद्ध नवमी-दशमीला चार इंचीतून ती एकेक करून मोजता येते. २०२० मध्ये नासाच्या विमानातल्या सोफिया दुर्बिणीने सूर्यप्रकाशातल्या चंद्रावर पाण्याचे रेणू ओळखले तेही याच क्लेव्हियसच्या परिसरात.

बेसाल्टचा_खडक

वरचं सगळं मस्त. मी भारतीय नावांबद्दल लिहितो कारण तोच प्रश्न मुलं आधी विचारतील.

मागे टाकलं असं अजिबात नाहीये. पलीकडची बाजू माणसाने पहिल्यांदा बघितली ती ऑक्टोबर १९५९ मध्ये, सोव्हिएत लुना ३ ने फोटो पाठवले तेव्हा. तोपर्यंत दिसणाऱ्या बाजूचा नकाशा तीनशे वर्षं भरत आलेला, १९३५ मध्ये आंतरराष्ट्रीय खगोलशास्त्रीय संघाने त्याची अधिकृत यादीही करून टाकली होती, मोठी विवरं सगळी गेलेली. मग १९७० मध्ये पलीकडच्या बाजूची नावं एकदम शेकड्याने ठरली, त्यात भाभा, बोस, साहा, मित्र आले. विसाव्या शतकातल्या बहुतेकांचं बघा, हिल्बर्ट असो, पॉंकारे असो, तेही तिकडेच आहेत. आणि तिकडे गेल्यामुळेच ही विवरं दणदणीत आहेत, साहा ९९ किमी, मित्र ९२, बोस ९१, भाभा ६४. अलीकडच्या बाजूला एवढी जागा त्यांना मिळालीच नसती.

हे लोक कोण ते नीट सांगा कारण गोंधळ फार होतो. बोस म्हणजे जगदीशचंद्र बोस, बोसॉनवाले सत्येंद्रनाथ नव्हेत. मित्र म्हणजे शिशिरकुमार मित्र, कोलकात्याचे, आयनोस्फियरवर, म्हणजे वातावरणाच्या वरच्या विद्युतभारित थरावर, काम केलेले. साहा म्हणजे मेघनाद साहा, ताऱ्यांच्या वर्णपटावरून तिथलं तापमान कसं काढायचं याचं समीकरण देणारे. भाभा आपल्या मुंबईचे, १९०९ चा जन्म, जानेवारी १९६६ मध्ये माँ ब्लाँवर विमान कोसळलं त्यात गेले, चार वर्षांत चंद्रावर नाव लागलं. भाभा आणि बोस ही दोन्ही विवरं शेजारी शेजारी आहेत दक्षिणेकडे, नकाशावर एकाच बोटाखाली येतात.

अलीकडच्या बाजूलाही आपले तिघं आहेत की! आर्यभट, साराभाई आणि रामन. हे कसं झालं तर १९७० च्या दशकात अपोलोच्या फोटोंवरून बारीक नकाशे निघायला लागले, तेव्हा ज्या लहान विवरांना शेजारच्या मोठ्या विवराचं नाव आणि पुढे एक अक्षर असं चालवलेलं होतं त्यांना स्वतंत्र नावं मिळाली. आर्यभट आधी मॅस्केलाइन ई होतं, साराभाई बेसेल ए, रामन हेरोडोटस डी. बेसेल म्हणजे तेच गणितज्ञ, बेसेल फंक्शनवाले, ६१ सिग्नी या ताऱ्याचं अंतर १८३८ मध्ये मोजणारे. साराभाई ८ किमीचं आहे पण चांद्रयान-२ ने २०२० मध्ये त्याचा फोटो घेतला तेव्हा खोली जवळपास १.७ किमी निघाली, कडा एकदम स्वच्छ, प्रसन्नतेच्या समुद्राच्या सपाट मैदानात एकटं बसलेलं.

आणि मित्र विवराचा फोटोही चांद्रयान-२ ने ऑगस्ट २०१९ मध्ये काढलाय, इस्रोने दिलेला आहे, तो मोठा प्रिंट करून लावा. भारतीय शास्त्रज्ञाच्या नावाचं विवर भारतीय यानाने टिपलेलं, मुलांना दाखवायला याहून चांगलं काय असणार.

एक विनंती, मुलांना पलीकडची बाजू म्हणजे काळोखी बाजू असं सांगू नका, तिथेही आपल्या बाजूएवढंच ऊन पडतं, फक्त तिचं तोंड आपल्याकडे नसतं. आपल्याकडे अमावस्या असते तेव्हा तिकडे पूर्ण उजेड असतो.

एप्सिलॉन_डेल्टा

गणिताचा विद्यार्थी आहे, त्यामुळे राहवलं नाही. ताई, शाळेची दुर्बीण काढणार असाल तर शुद्ध पंचमीची संध्याकाळ धरा आणि शांततेच्या समुद्राचा पूर्वेकडचा भाग लावा. तिथे कोशी नावाचं विवर आहे, फक्त १२ किमीचं पण चटकन सापडतं. हे ऑगस्टिन लुई कोशी, लिमिट आणि सातत्य यांना ज्याने काटेकोर बैठक दिली तो. त्याच्या दोन बाजूंना जवळजवळ समांतर अशा दोन लांब रेषा आहेत, ईशान्येला एक घळ आणि नैऋत्येला एक कडा, शंभर किमीच्या वर लांब. सूर्य तिथे नुकता उगवलेला असतो तेव्हा त्या कड्याची सावली पलीकडच्या मैदानावर पडते आणि काळी ठळक रेघ दिसते, आणि तीच जागा पौर्णिमेनंतर मावळतीच्या उन्हात बघितली तर रेघ पांढरी होते कारण आता कड्याच्या तोंडावर ऊन असतं. इतकं साधं आणि इतकं स्पष्ट, सावलीची लांबी आणि सूर्याची उंची यावरून कड्याची उंची काढता येते हे नववीच्या मुलाला कळेल, गॅलिलिओने चंद्रावरच्या डोंगरांची उंची काढली तीही सावल्या आणि उजेडाच्या भूमितीतूनच.

आणि आता खास गोष्ट. त्याच कड्यावरून अजून नैऋत्येला या, कोशीपासून साधारण दीडशे किमीवर आर्यभट आहे! २२ किमीचं, पण पूर्ण वर्तुळ शोधू नका, लाव्हाने बहुतेक बुडालंय, पूर्वेकडची कमान तेवढी वर राहिलीये, वर्तुळाचा कंस. म्हणजे एकाच दृश्यात कोशी आणि आर्यभट. पाचव्या शतकात कुसुमपुरात बसून ज्या माणसाने ३.१४१६ दिला आणि ज्या-कोष्टक (साइनचं कोष्टक) दिलं, तो आणि एकोणिसाव्या शतकातला पॅरिसचा विश्लेषक असे शेजारी. ज्या आणि कंस हे शब्द शिकवताना त्या अर्ध्या वर्तुळाचा फोटो लावा ना.

अजून दोन नावं सोडू नका. एव्हारिस्त गाल्वा, १८३२ मध्ये द्वंद्वात गोळी लागून गेला तेव्हा वय २०, आणि नॉर्वेचा नील्स आबेल, १८२९ मध्ये क्षयाने गेला, वय २६. पाचव्या घाताच्या समीकरणाला सामान्य सूत्र नाही हे आबेलने दाखवलं आणि कोणतं समीकरण सुटतं, कोणतं नाही याचं मूळ गाल्वाने शोधलं. गाल्वाचं विवर पलीकडच्या बाजूला, २२० किमीच्या आसपास, गाउसच्या विवरापेक्षाही मोठं. आबेलचं आग्नेय कडेला आहे, १२० किमीचं, फार झिजलेलं. तुमच्या आठवी-नववीच्या मुलांहून पाच-सहा वर्षांनीच तर मोठा होता गाल्वा, ही चिठ्ठी वर्गात जो गप्प बसतो त्याला द्या.

गाउस आणि रीमान ईशान्य कडेला जवळजवळ आहेत, गुरू-शिष्य. बेर्नूलीही तिथेच जवळ.

कृत्तिका_वाचते

मुलींसाठी चिठ्ठ्या हव्यातच, म्हणून लिहितेय. बायकांची नावं चंद्रावर फारच कमी आहेत, हे मला खरंच खटकतं, पण जी आहेत ती भक्कम आहेत.

हायपेशिया, अलेक्झांड्रियाची गणितज्ञ, शिकवायची, शंकूच्छेदांवर टीका लिहिली असं सांगतात, इ.स. ४१५ मध्ये धर्मांध जमावाने तिला मारून टाकलं. तिचं विवर चाळीसेक किमी लांब, कडा तुटलेल्या, वेडंवाकडं. आणि तिच्यापासून थोड्याच अंतरावर थिओफिलस आणि सिरिलस ही दोन प्रचंड विवरं आहेत, शंभर-शंभर किमीची. हे दोघं अलेक्झांड्रियाचे बिशप, मामा-काका आणि पुतण्या-भाचा अशा नात्यातले, आणि हायपेशियाला मारलं तेव्हा गादीवर सिरिलच होता. शुद्ध षष्ठीला ही तिन्ही एकदम दिसतात. थिओफिलस अप्रतिमच आहे, मधे डोंगर, बाजूच्या पायऱ्या पायऱ्यांच्या भिंती, पण मी त्या नकाशावर आधी हायपेशियाच शोधते.

सोफिया कोवालेव्हस्काया, पलीकडच्या बाजूला ११५ किमी. रशियातून शिकायला बाहेर पडता यावं म्हणून नावापुरतं लग्न केलं, १८७४ मध्ये ग्योटिंगेनची गणितातली डॉक्टरेट मिळवली, पुढे स्टॉकहोमला प्रोफेसर. एमी नोएथर, पलीकडच्याच बाजूला, ६७ किमी. ग्योटिंगेनमध्ये बाई म्हणून तिला स्वतःच्या नावाने शिकवायची परवानगी नव्हती, हिल्बर्टच्या नावाने तास जाहीर व्हायचे आणि शिकवायची ही, १९१९ मध्ये कुठे रीतसर हक्क मिळाला. आता नोएथर आणि हिल्बर्ट दोघांच्याही नावाने विवरं आहेत, आणि हिल्बर्टची चिठ्ठी ज्या मुलाकडे जाईल त्याने हे सांगितलंच पाहिजे.

कॅरोलाइन हर्शेल आणि मेरी सॉमरविल अलीकडच्या बाजूला आहेत, लहान आहेत, १३ आणि १५ किमीच्या आसपास, पण आहेत. आणि लव्हलेस नावाचं विवर दिसलं तर ती एडा लव्हलेस नाही बरं का, ते अमेरिकेतल्या एका डॉक्टरांच्या नावाचं आहे, अंतराळवीरांच्या वैद्यकीय तपासण्या करणारे. तसंच क्लेव्हियसच्या कडेवरचं रदरफर्ड अणुवाल्या रदरफर्डचं नाही, ते चंद्राचे सुरुवातीचे उत्तम फोटो काढणाऱ्या लुइस रदरफर्डचं. चिठ्ठी लिहिताना ही दोन नावं बघून घ्या.

आठवी_ब_गणित

किती दिलंत तुम्ही सगळ्यांनी! आर्यभट-कोशी एकत्र आहेत हे वाचून आत्ताच नकाशावर दोरी लावून बघितलं, खरंच. कॅलेंडरचं लीप वर्षाचं उदाहरण तर उद्याच वर्गात घेणार. गाल्वाची चिठ्ठी कोणाला द्यायची तेही ठरलं.

एक राहिलं, रामानुजन. मुलांना काय सांगू? आणि दुसरी अडचण, आज संध्याकाळी दुर्बीण लावून बघितली तर चित्र नकाशाच्या उलटं दिसतंय, डावं उजवीकडे. मुलं गोंधळतील.

तेरस_चांदणं

रामानुजनबद्दल सरळ सांगा की नाव देण्याचा नियम वेगळा आहे. चंद्रावर नाव देतो तो आंतरराष्ट्रीय खगोलशास्त्रीय संघ, आणि मोठ्या माणसांची यादी करून त्यांना विवरं वाटायची असं तो करत नाही. एखाद्या विवराचा उल्लेख संशोधनात किंवा मोहिमेत करावा लागतो, त्याला नाव नसतं, तेव्हा प्रस्ताव जातो. माणूस जाऊन किमान तीन वर्षं झालेली हवीत, आणि एकोणिसाव्या शतकापासून पुढचे राजकीय, लष्करी, धार्मिक पुढारी चालत नाहीत. म्हणजे दार बंद झालेलं नाही, पलीकडच्या बाजूला बिननावाची विवरं अजून ढीगभर आहेत. चांद्रयान-३ उतरलं त्या जागेचं शिवशक्ती हे नाव सुद्धा संघाने मार्च २०२४ मध्ये मान्य केलं, म्हणजे नवीन नावं लागतायत. मुलांना विचारा की रामानुजनसाठी प्रस्ताव लिहायचा तर कामातलं काय काय लिहाल, विभाजनं, अनंत श्रेणी, पायची सूत्रं. गणित दिनाला भाषणापेक्षा हे जास्त चांगलं होईल असं मला वाटतं.

उलट्या चित्राचं कारण दुर्बिणीच्या मागे लावलेला काटकोनी आरसा. त्यात वरचं वर राहतं पण डावं-उजवं पलटतं. आरसा काढून सरळ डोळा लावलात तर चित्र फक्त उलटं, म्हणजे १८० अंशांत फिरलेलं दिसेल, मग नकाशा उलटा धरला की जुळतो. पण लहान मुलांना मान वाकडी करून बघणं जमत नाही, म्हणून आरसा राहू द्या आणि नकाशाची एक प्रत मोबाइलवर आडवी फ्लिप करून छापून घ्या, ती दुर्बिणीपाशी, आणि सरळ नकाशा भिंतीवर.

आणि मुलांना पौर्णिमेला बोलावू नका. चंद्र सुंदर दिसतो पण सावल्या नसतात म्हणून विवरं सपाट होऊन जातात, टायकोचे पांढरे पट्टे तेवढे उठून दिसतात. पंचमीपासून दशमीपर्यंतच्या संध्याकाळी धरा, उजेड-अंधाराच्या सीमेवर बघा, आणि हवा स्थिर असेल तर आर्यभटचा कंस दिसेलच.